लाल पाटीमागचं गाणं

"थांबा! त्या बटणाले हात नका लावू."

डिंपलचं बोट माउसवर जिथल्या तिथे थबकलं. तिनं वळून पाहिलं. शेजारच्या खुर्चीवरचा मुलगा अर्धा उठून उभा होता आणि आपण एवढ्या मोठ्यानं बोललो याचं त्यालाच नवल वाटत असावं... कारण वाचनालयाच्या त्या शांत खोलीतली सगळी डोकी त्याच्याकडे वळली होती, आणि त्याचे कान लालबुंद झाले होते.

"काहून?" डिंपलनं विचारलं.

"ते डाउनलोडचं खरं बटण नाही. जाहिरात आहे."

"आणि मी कोणतं बटण दाबून राहिली, हे तुम्हाले कसं माहीत?"

"म्हणजे... मी काही डोकावून पाहत नव्हतो—" तो अडखळला. मग सरळच म्हणाला, "नाही, पाहत होतो. माफ करा."

डिंपलला हसू आलं. खोटं बोलायला निघालेला माणूस अर्ध्या वाटेवरून असा परत फिरलेला तिनं पहिल्यांदाच पाहिला होता.

डिंपल सिहोऱ्याकडची. वडील केवळराम तलावात मासेमारी करायचे आणि ही पोरगी बी.एड.साठी भंडाऱ्यात खोली करून राहत होती. दिवाळी होऊन गेली होती, गावोगावच्या मंडया, दिवाळीनंतरच्या जत्रा, भरू लागल्या होत्या, आणि वाचनालयाच्या खिडकीतून दुपारचं कोवळं ऊन थेट संगणकांवर येत होतं. समोरच्या पडद्यावर जुन्या दंडारींची, म्हणजे इकडच्या लोकनाट्यांची, गाणी देणारी एक साईट उघडी होती. चकचकीत, रंगीबेरंगी... आणि प्रत्येक गाण्यापुढे हिरवं बटण.

"पण इथं तं कुलूप दिसून राहिलं ना," तिनं वरच्या पत्त्याकडे बोट दाखवलं. "कुलूप असलं म्हणजे साईट सुरक्षित असते, असं आम्हाले कॉलेजात सांगितलं."

"कुलूप म्हणजे तुमचं बोलणं वाटेत कोणी ऐकत नाही, एवढंच. पण ज्याच्याशी बोलून राहिले तो माणूस कसा आहे, हे कुलूप नाही सांगत." तो खुर्ची जरा जवळ ओढून बसला... मग फारच जवळ ओढली असं वाटून पुन्हा थोडी मागे नेली. "पाहा, गाणं ऐकायच्या आधी हे आपलं ॲप टाकायले सांगून राहिले. ॲपले तुमच्या फोनमधले सगळे नंबर कायले पाहिजेत? गाण्याले नंबरांचं काय काम?"

"खरंच की."

"मी एकदा असंच फसलो. निकालाची साईट समजून बाबाच्या फोनवर कायतरी दाबलं. संध्याकाळपर्यंत बाबाच्या फोनवरून सगळ्या कॉलनीले मेसेज गेले— 'अभिनंदन, तुम्हाले मोटारगाडी लागली आहे!' फॅक्टरीच्या बसमध्ये लोक अजून बाबाले विचारतात, 'रामटेके, माझी गाडी कधी देता?'"

डिंपल इतक्या जोरात हसली, की या वेळी सगळी डोकी तिच्याकडे वळली.

त्याचं नाव अनुप. जवाहरनगरच्या फॅक्टरी क्वार्टरमध्ये लहानाचा मोठा झालेला, कॉम्प्युटरचं शिकून परीक्षांची तयारी करणारा. निघताना त्यानं विचारलं, "एक विचारू? दंडारीची गाणी आजकाल कोण शोधते?"

डिंपलनं दप्तराचा पट्टा खांद्यावर नीट केला. सांगावं की नको... पण समोरच्या डोळ्यांत नुसती चौकशी नव्हती. खरंच जाणून घ्यायचं होतं त्यांना.

"माझी माय गात होती," ती म्हणाली. "लग्नाच्या आधी. मंडईत एकदा गायली आणि कोणीतरी ते टेप केलं, असं बाबूजी सांगतात. मी लहान असताना तिच्या घशाचं ऑपरेशन झालं. माय वाचली, पण आवाज गेला. आता बोलते तं घोगरं, हळू... मी तिले गाताना कधी ऐकलंच नाही. पाळण्यात असताना ऐकलं असेल, पण ते काय आठवते?"

अनुपनं त्या साईटचा पत्ता टिपून घेतला. मग हळूच म्हणाला, "उद्या येता?"

*

दुसऱ्या दिवशी ती आली, ती उकडलेले शिंगाडे घेऊन. घरच्या तलावातले. वाचनालयाच्या पायरीवर बसून दोघं सोलू लागले. अनुपला काही केल्या साल निघेना.

"असं नाही, काट्याकडून दाबा." तिनं त्याच्या हातातून शिंगाडा घेतला, सोलला आणि पांढराशुभ्र गर परत त्याच्या तळहातावर ठेवला. बोटांना बोटं लागली... दोघांचीही सालीच्या रंगानं काळी झालेली. दोघांनीही एकदम रस्त्यावरच्या ऑटोकडे पाहायला सुरुवात केली.

"मी रात्रभ... म्हणजे काल घरी गेल्यावर शोधलं," अनुप घसा साफ करत म्हणाला. "ती साईट कधी सुरू झाली ते पाहता येते. गेल्याच महिन्यात झाली. एवढी जुनी गाणी, आणि साईट महिन्याभराची? मालकाचं नाव नाही, पत्ता नाही, फोन नाही. आणि हे पाहा."

त्यानं फोन पुढे केला. साईटवरचा एक फोटो— दंडारीचं सोंग घेतलेला एक कलाकार. फोटोच्या कोपऱ्यात, वरून रंग फासला असला तरी, पुसट अक्षरं दिसत होती.

डिंपलनं डोळे बारीक केले. "हे तं दुसऱ्याच साईटचं नाव आहे! चोरलं की काय यांनी?"

"मलेही तसंच वाटते. चला, खऱ्या मालकाचं घर पाहू."

आत जाऊन त्यांनी ते नाव टंकलं. आणि पडद्यावर एकदम लाल पाटी झळकली— पुढे जाणं धोक्याचं आहे, परत फिरा!

"अवो बाप्पा!" डिंपल मागे सरली. "चोराच्या घराले कुलूप, अन् मालकाच्या घरावर लाल पाटी?"

अनुप कानाची पाळी चोळत पाटीवरचं बारीक अक्षर वाचू लागला. विचार करताना तो असंच करतो, हे डिंपलच्या ध्यानात आलं. आणि आपण हे कधीपासून टिपायला लागलो, असं तिनं स्वतःलाच विचारलं.

"याच्या कुलपाची मुदत संपली आहे," तो म्हणाला. "नवं घ्या लागते ना दरवेळी, ते कोणी घेतलंच नाही. याचा अर्थ घर चोराचं आहे असा नाही. कोणी राहत नसेल, असाही होऊ शकते."

"मंग आत जायचं?"

"तुमच्या आधी मी पत्ता तपासून घेतो." पत्ता दिला की अनेक ठिकाणी ताडून कुठे काही घातक सापडतं का हे सांगणारी एक सोय होती, तिथे त्यानं तो टाकला. काही सापडलं नाही. साईट बऱ्याच वर्षांपूर्वीची निघाली. "आता पाहू. फक्त पाहायचं. नाव, नंबर, पासवर्ड— काहीच भरायचं नाही. कबूल?"

"कबूल."

साधं पान उघडलं. पांढऱ्यावर काळी अक्षरं, कसली जाहिरात नाही. वर लिहिलं होतं— ही गाणी मंडळांच्या परवानगीनं इथे ठेवली आहेत, विकू नयेत. खाली गावांची नावं. गाणी मात्र एकही वाजेना. नुसती नावंच उरली होती.

"म्हणजे साईट कायद्यात बसते," अनुप खूश होऊन म्हणाला. "परवानगी घेतली आहे."

"मंडळाची घेतली. पण गाणारीची?" डिंपल पडद्यावरून नजर न काढता म्हणाली. "मंडळ म्हणजे सगळे पुरुष माणसं. आवाज बाईचा असला, तं तिले कोणी विचारलं का?"

अनुपनं तिच्याकडे पाहिलं. हा प्रश्न त्याच्या मनात आलाच नव्हता.

आणि तेवढ्यात डिंपलचं बोट एका ओळीवर थांबलं. तिच्या आजोळचं गाव. अर्जुनी-मोरगावकडचं. पण पुढे लिहिलेलं— जिल्हा भंडारा.

"म्हणून मले सापडत नव्हतं! मी गोंदिया टाकून शोधत होती..." ती पडद्याकडे झुकली. "गोंदिया जिल्हा वेगळा व्हायच्या आधीचं आहे हे, अनुप."

त्या गावापुढे लिहिलं होतं— गायिका: नाव माहीत नाही. कोणी ओळखत असल्यास कृपया कळवावे.

आपण 'अनुप' म्हणालो, 'अनुपजी' नाही, हे तिच्या नंतर लक्षात आलं. त्याच्या मात्र लगेच आलं होतं.

*

पानाच्या तळाशी पत्ता होता— कृष्णराव, माईकवाले, आसगाव. फोन लागेना. मग एका रविवारी दोघं पवनीकडे जाणाऱ्या एसटीत बसले. दोन्हीकडे धानाच्या कापण्या चालल्या होत्या, खिडकीतून वाळल्या तणशीचा वास आत येत होता, आणि डिंपलचे केस वाऱ्यानं पुन्हा पुन्हा अनुपच्या खांद्यावर जात होते. तिनं दोनदा ते आवरले. तिसऱ्यांदा त्यानंच म्हटलं, "राहू दे. मले काही त्रास नाही होऊन राहिला."

"मले होऊन राहिला," ती म्हणाली. पण केस आवरले नाहीत.

थोड्या वेळानं तिनं विचारलं, "तू कायले येऊन राहिला एवढ्या दूर? माय माझी, गाणं माझ्या मायचं."

"मले पाहायचं आहे, साईट खरी आहे का ते."

"फक्त तेवढंच?"

"नाही," अनुप खिडकीबाहेर पाहत म्हणाला. त्याला खोटं जमत नव्हतंच. "पण बाकीचं आता नाही सांगत."

कृष्णरावांचं घर शोधावं लागलं नाही. भोंग्यांचे जुने कर्णे अजून पडवीत टांगलेले होते. पांढऱ्या मिशांचे, बसक्या अंगाचे म्हातारबुवा पायरीवर ऊन घेत होते. पोरांनी साईटचं नाव काढताच ते चकित झाले.

"सत्यवतीनं, माह्या पोरीनं, बनवून देल्ली होती. तिचं लगन झालं, रायपूरले गेली. मले वाटलं चालूच असन! बंद हाय?"

"बंद पडल्यासारखीच आहे, काका. आणि तुमची गाणी चोरून दुसऱ्यानंच साईट काढली. गाण्याच्या नावावर लोकांच्या फोनमधलं चोरून राहिला तो."

म्हाताऱ्याचा चेहरा उतरला. अनुपनं तिथूनच सत्यवतीला फोन लावला. काय काय नवं करावं लागेल, चोराची तक्रार कुठे करायची, सगळं तिला समजावून सांगितलं. तोवर डिंपल पडवीत नुसती बोटं चोळत उभी होती. शेवटी तिनं आजोळचं नाव घेतलं.

कृष्णराव तिच्याकडे बघत राहिले. "त्या गावची तं कॅसेट हाय. दंडारीत बाईचं सोंगबी मानूसच घेते ना वो. सोंग घेनाऱ्याचा गळा त्या दिवशी बसला होता. त्यानं नुसते ओठ हालवले, अन् पडद्यामांगून कोनतरी पोरगी गायली. असा गळा...! मी माईक हळूच पडद्याकडं सरकवला. पन कोन होती ते मले आजवर नाई समजलं."

ते आत गेले. कपाटातून कॅसेट निघाली, जुनं यंत्र निघालं. आधी नुसती खरखर, मग ढोलकी, माणसांचा गलका... आणि त्या गलक्यातून एक आवाज वर आला. कोवळा, न बिचकणारा.

पाळीवरच्या पावन्या रे, नाव तरी सांग,
चांद हाले पान्यामंदी, मन हाले मांगं...

डिंपल पडवीतल्या खांबाला टेकली. हा आवाज तिनं कधी ऐकला नव्हता, आणि तरी त्यातला 'रे' तिच्या ओळखीचा होता. जेवायला हाक मारताना माय असाच शेवटचा स्वर लांबवायची... तो घोगरा, हा घुंगरासारखा. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहू लागलं. अनुपनं रुमाल काढला, पुढे केला, आणि तिनं रुमालाऐवजी त्याचं मनगटच धरलं. गाणं संपेपर्यंत सोडलं नाही. मग म्हणाली, "माझी माय आहे ही, काका."

"काका, हे फोनमध्ये घेऊ का?" गाणं संपल्यावर अनुपनं विचारलं.

"घे ना बापू. पन साईटवर ठेवाचं का नाई, हे आता तिले इचारून सांगा," कृष्णराव म्हणाले. "आता मानूस सापडलं हाय. आता इचाराच लागते."

*

सिहोऱ्याकडचं घर तलावाच्या पाळीला, बांधाला, लागून होतं. अंगणात जाळं वाळत घातलेलं. केवळराम जाळ्याची फाटकी वीण सांधत होते, माय रेवताबाई सुपात तांदूळ निवडत होत्या. डिंपलबरोबर पोरगा पाहून दोघांचेही हात थांबले, पण त्यांनी बस म्हटलं, चहा झाला. मग डिंपलनं काही न सांगता फोन मायच्या पुढ्यात ठेवला आणि गाणं लावलं.

ढोलकी सुरू झाली. रेवताबाई तांदूळच निवडत राहिल्या. मग आवाज आला...

सूप मांडीवरून कलतं झालं. तांदूळ अंगणात सांडले. त्यांनी ते उचलले नाहीत. पदर तोंडाशी नेऊन त्या तशाच बसून राहिल्या. आणि दुसऱ्या कडव्याला त्यांची बोटं सुपाच्या काठावर ठेका धरू लागली. डिंपलनं मायचा चेहरा असा कधी पाहिला नव्हता. तिच्यापेक्षाही लहान दिसत होती माय.

"हे... मीच का वो?" त्यांनी घोगऱ्या आवाजात नवऱ्याला विचारलं.

"तूच," केवळराम म्हणाले. "तूच तं."

कृष्णरावांचा निरोप अनुपनं सांगितला. तुमचा होकार असेल तरच गाणं ठेवतील, नाहीतर काढून टाकतील. रेवताबाईंनी बराच वेळ विचार केला. "ठेवा म्हना," त्या शेवटी बोलल्या. "अन् नाव लिवा म्हना. रेवता. दुसरं काई नको."

तलावावरून बगळ्यांची एक रांग गेली. केवळरामांनी जाळं बाजूला सारलं आणि पाहुण्याकडे नीट पाहिलं. मघापासून पोरगी कोणाकडे पाहून हसते आणि कोणाकडे न पाहता लाजते, हे त्यांना दिसत होतं.

"तुमचं आडनाव काय म्हनले, बापू?"

या प्रश्नाचा अर्थ अंगणातल्या चौघांनाही ठाऊक होता.

"रामटेके," अनुप म्हणाला. शांतपणे, मान वर ठेवून. "आम्ही बौद्ध आहो, बाबूजी."

केवळरामांनी जाळं परत पुढ्यात ओढलं. जाळ्याची गाठ उगाच पुन्हा सोडून बांधू लागले. "पोरगा तं चांगला हाय," ते पुटपुटले. "पन लोक... समाज..."

"अवो," रेवताबाई म्हणाल्या.

तो घोगरा आवाज एरवी अंगणापलीकडे जात नसे. आज गेला.

"पडद्यामांगं कोन गाते, हे पाहाले त्या दिवशी दंडारीतली गॅसबत्ती सांभाळाची सोडून कोन आलं होतं? तुमीच ना? अंधारात ठेचकाळत, दोऱ्यात पाय अटकवत?"

"हो... आलो होतो."

"तवा माहं आडनाव इचारलं होतं का?"

केवळरामांच्या हातातली गाठ सुटली. मग त्यांना हसू फुटलं. आधी मिशीत, मग खांदे हलवत, मग डोळे पुसत. "नाव बी नोतं इचारलं," ते म्हणाले. "भानच कुठी होतं!"

रेवताबाई उठल्या. सांडलेले तांदूळ गोळा करता करता म्हणाल्या, "पोरी, पावन्याले गाडीवर सोडून ये. अन् तुमी, बापू— पुढच्या खेपी मायबापाले घेऊन या. मासे खाऊन जातीन."

*

थांब्यावर पोचेपर्यंत अनुपनं तीनदा काहीतरी बोलायला सुरुवात केली आणि तीनदा भलतंच बोलला. हवा थंड आहे. तलाव मोठा आहे. सत्यवतीताईचा फोन आला होता, लाल पाटी गेली म्हणे साईटवरची.

"अजून काही?" डिंपलनं विचारलं.

"अजून... नाही. म्हणजे आहे. पण..."

आणि नेमकी गाडी आली. गर्दीच्या रेट्यात अनुप वर चढला, मागच्या खिडकीशी कसाबसा टेकला. इंजिन घरघरत होतं, वाहक "तुमसर, भंडारा!" ओरडत होता.

"डिंपल!" त्यानं खिडकीतून डोकं बाहेर काढलं. "मले तुले सांगायचं होतं... मले तू..."

पुढचं गाडीच्या भोंग्यात जवळजवळ बुडालं.

"ऐकू नाही आलं!" ती ओरडली. खरंतर आलं होतं. पण अर्ध्यावर कोण समाधान मानतो?

"मले तू आवडते!" अनुप जीव खाऊन ओरडला. "लई आवडते! माझ्याशी लगन करशील का?"

अख्खी गाडी चिडीचूप झाली. वाहकाचा हात घंटीच्या दोरीवर तसाच राहिला. ड्रायव्हरनं मान वळवून पाहिलं. अनुपचे कान पहिल्या दिवसापेक्षाही लाल झाले होते, पण या वेळी त्यानं काही मागे घेतलं नाही.

त्याच्या शेजारी टोपलं मांडीवर घेऊन बसलेली एक म्हातारी खिडकीकडे झुकली. "अवो पोरी, बोल ना लवकर! गाडी तुह्यासाठी थांबून हाय!"

डिंपलनं दोन्ही हात तोंडाशी धरले. पाळीवरून वारा आला, ओढणी उडाली, आणि मायच्याच ढंगात तिनं शेवटचा स्वर लांबवला—

"हो रेऽऽ!"

वाहकानं घंटी मारली. गाडी निघाली, आणि आत बसलेली सारी अनोळखी माणसं टाळ्या वाजवत होती.